दुसऱ्या मजल्यावरचा शेजार

रफूकाकूंना खऱ्या नावाने हाक मारणारं त्या भागात आता कोणी उरलं नव्हतं. नवरा होता तोवर तो तशी हाक मारायचा. पाच मजली कचेऱ्यांच्या एका इमारतीत तो लिफ्टमन होता आणि गच्चीवरच्या दोन खोल्या त्याला नोकरीबरोबर मिळाल्या होत्या. पुढे लिफ्टला बटणं बसली, लिफ्टमनची जागा रद्द झाली, थोड्या वर्षांनी तोही गेला. खोल्यांचं मात्र कोणाच्या लक्षातच आलं नाही. काकू तिथेच राहिल्या, शिवणाचं मशीन खिडकीशी ओढलं आणि रफूचं काम घ्यायला लागल्या.

हात असा होता की बघत राहावं. कोटाच्या आतल्या शिवणीतून एकेक धागा उपसायचा आणि सिगारेटने पडलेल्या भोकावर तो असा विणायचा की कोटाच्या मालकालाच भोक सापडू नये. आजूबाजूला बँका, विम्याची कचेरी, कोर्ट, वकिलांच्या खोल्या. सकाळी साडेनऊला रस्ता असा भरायचा की पलीकडे जायचं तर माणसांच्या लोंढ्यात उडी टाकावी लागे. दहाच्या ठोक्याला जिन्यावर पावलं धडधडत. "काकू, बटण! साहेबांनी बोलावलंय, दोन मिनिटांत द्या हो!" "काकू, पँट मागून उसवलीय, हसू नका." पडद्याआड पँटीशिवाय ताटकळलेले इतके साहेब काकूंनी पाहिले होते की पुढे कुठल्याच साहेबाचा त्यांना धाक वाटेनासा झाला.

संध्याकाळी साडेसहाला शटरं खाली यायची. तासाभरात रस्त्यावर चिटपाखरू नसे. रविवारी तर कागदाचा बोळा वाऱ्याने सरकला तरी त्याचा आवाज गच्चीपर्यंत यायचा. पण त्याचं काकूंना फार वाईट वाटत नव्हतं. सोमवार असायचाच ना पुढे. रिकामा वेळ हा दोन गर्दींच्या मधला वेळ होता, इतकंच.

मग गर्दीच पातळ होत गेली. आधी कोर्ट शहराबाहेरच्या नव्या वसाहतीत गेलं, त्याच्यामागे वकील गेले. मग दुसऱ्या मजल्यावरची विम्याची कचेरी गेली. झेरॉक्सवाला म्हणाला, "काकू, कोर्ट गेलं म्हणजे माझं पोटच गेलं," आणि एका शनिवारी मशीन टेम्पोत घालून तोही निघून गेला. कोपऱ्यावरचा चहावाला वर्षभर तग धरून होता. मग तोही दिसेना. आता साडेनऊला रस्ता सरळ चालत ओलांडता यायचा. इमारतीत एक बँक आणि दोन छोट्या कचेऱ्या राहिल्या. मालकांनी जुन्या वॉचमनलाही घरी पाठवलं. तो दर शनिवारी गेट ओढण्यापूर्वी खालून ओरडायचा, "काकू, वरच आहात ना?" त्याच्या जागी एजन्सीची माणसं यायला लागली. महिन्याला एक. त्यांची तोंडं ओळखीची होईपर्यंत ती बदललेली असत.

त्या शनिवारी जो वॉचमन होता, त्याचा कामाचा चौथा दिवस होता. तीन वाजून गेल्यावर काकू खाली उतरल्या. बँकेच्या शिपायांचे सहा कोट सोमवारपर्यंत दुरुस्त करून हवे होते. शिपायाने गाठोडं हातात दिलं आणि बस चुकेल म्हणत तो पळाला. काकूंचे गुडघे कुरकुरत होते म्हणून त्या लिफ्टमध्ये शिरल्या. लिफ्ट दुसरा मजला ओलांडून वर सरकली आणि त्याच क्षणी खाली वॉचमनने मेन स्विच पाडला. पेटीला कुलूप घातलं, गेट ओढलं आणि तो गेला. वर कोणी राहतं हे त्याला कोणी सांगितलंच नव्हतं.

लिफ्टला एक हिसका बसला, दिवा गेला, आणि ती दुसऱ्या आणि तिसऱ्या मजल्याच्या मध्ये थांबली.

जुनी जाळीच्या दाराची लिफ्ट होती, त्यामुळे जिन्याच्या खिडकीचा उजेड आत येत होता. काकू आधी घाबरल्या नाहीत, चिडल्या. "अहो वॉचमन! अहो, मी आहे आत!" त्यांनी जाळी खडखडवली. धोक्याची घंटा दाबली. तीही विजेवरच चालणारी, ती कशाला वाजतेय? फोन वर शिवणाच्या टेबलावर होता. पाच मिनिटांनी पुन्हा हाका मारल्या, मग पुन्हा. जिन्यातून स्वतःचाच आवाज फिरून परत येई. सहापर्यंत घसा बसला. खिडकीतला उजेड पिवळा झाला, मग राखाडी. आज शनिवार, उद्या रविवार. सोमवारी नऊ वाजता बँक उघडणार. काकूंनी बोटांवर तास मोजले.

रात्री नऊला फोन वाजला. चार भिंती आणि तीन मजले पलीकडे, त्यांच्याच खोलीत. एरवी गाड्यांच्या आवाजात फोन शेजारी असून कळायचा नाही. आता अख्ख्या इमारतीत तेवढाच एक आवाज होता. मुलगा. दुसऱ्या शहरात असायचा, शनिवारी जेवणानंतर फोन करायचा. घंटा पुरी वाजून थांबली. पुन्हा वाजली, पुन्हा थांबली. आई लवकर झोपलेली दिसते, असं म्हणून त्याने फोन ठेवला असणार, हे काकूंना लख्ख दिसलं. त्यांनी जाळीला कपाळ टेकलं आणि तेव्हा पहिल्यांदा रडू आलं.

मग त्या उठल्या. रडून पाणी तरी कशाला वाया घालवायचं, पुढचं कधी मिळणार माहीत नाही, असं त्यांनी स्वतःला बजावलं. गाठोडं सोडलं. दोन कोट खाली अंथरले, तीन अंगावर घेतले, आणि सहाव्याचं जे केलं ते पुढे कोणालाच सांगितलं नाही. तो कोट मात्र त्यांनी दोनदा धुतला.

डोळ्याला डोळा लागला नाही. पहाटे, खिडकी नुकती फिकट होत असताना, खालून कोणीतरी खोकलं.

दबलेला खोकला. तोंडावर हात धरून खोकल्यासारखा.

"कोण आहे?" काकू म्हणाल्या. आवाज घोगरा निघाला. "आत्ता खोकलात ना? मी ऐकलं."

त्यांनी जाळीला तोंड लावलं.

"हे बघा, तुम्ही चोर असाल तर असा. माझ्याकडे सहा कोट आहेत, तेही शिपायांचे. मला फक्त बाहेर काढा."

मग दुसऱ्या मजल्यावर एक दार किलकिलं झालं. जाळीतून खाली वाकून पाहिल्यावर काकूंना आधी टक्कल दिसलं, मग चष्मा, मग नीट बटणं लावलेला सदरा. साठीचा माणूस, पायात रबरी चपला.

"मी चोर नाही," तो म्हणाला. "मी विम्याच्या कचेरीतला. दप्तरखान्यात होतो."

"ती कचेरी जाऊन दीड वर्ष झालं!"

"हो."

"मग तुम्ही इथे काय करताय?"

"राहतो," तो म्हणाला, आणि शाळेत पकडल्या गेलेल्या मुलासारखी त्याने मान खाली घातली.

काकूंनी तो विषय तिथेच सोडला. मेन स्विचची पेटी तळमजल्यावर आहे, आतला खटका वर ओढला की लिफ्ट चालेल, असं त्यांनी समजावलं. तो खाली गेला आणि परत आला.

"कुलूप आहे."

"मग तोडा की!"

तो जागचा हलला नाही. "तोडलं की सोमवारी विचारतील. आत कोणीतरी होतं हे कळेल त्यांना."

काकूंना सगळं कळलं. त्यांनी त्याच्याकडे पाहिलं. रागाने ओरडायला घशात आवाज नव्हता. "बघा बाबा," त्या एवढंच म्हणाल्या. "मला तहान लागलीय."

तो वळला. दप्तरखान्यातून काहीतरी जड घेऊन जिना उतरला. मग खालून घाव ऐकू आले. एक, दोन, मध्ये मोठी विश्रांती, मग धडाधड पाच-सहा. दिवा लागला. लिफ्ट गुरगुरली आणि काकूंना घेऊन वर निघाली.

* * *

तो जिन्याने वर आला तेव्हा काकू तांब्याभर पाणी पिऊन पायरीवर बसल्या होत्या. "आत या," त्या म्हणाल्या. रविवारी सकाळी त्यांच्या खोलीत दुसरं माणूस बसल्याला अकरा वर्षं झाली होती. त्यांनी चहा टाकला, पावाला लोणी लावलं. तो खुर्चीच्या कडेवर बसला होता, बोलावल्याशिवाय आल्यासारखा.

हळूहळू त्याने सांगितलं. कचेरी हलली तेव्हा जुने कागद मागे राहिले होते. ते नेईपर्यंत तू राख, असं त्याला सांगून किल्ली दिली. सहा महिन्यांनी पगार थांबला. कागद न्यायला कोणी आलं नाही. फोन केला तर नव्या कचेरीतल्या मुलीला त्याचं नावही सापडेना. बायको आधीच गेली होती, मूलबाळ नव्हतं. भाड्याची खोली सुटली. "आणि किल्ली तर माझ्याकडेच होती," तो म्हणाला. "मागायला कोणी आलंच नाही."

"म्हणजे किती दिवस झाले?"

"आठ महिने."

"आठ महिने तुम्ही माझ्या खाली राहताय आणि मला पत्ता नाही?"

"मी दिवसा बाहेर असतो. वाचनालयात, बागेत. कचेऱ्या सुटताना गर्दीच्या उलट आत शिरतो, कोणी बघत नाही." तो थोडा हसला. "मला मात्र तुमचं सगळं ठाऊक आहे हो. संध्याकाळी तुमचं मशीन सुरू होतं, पाइपातून खाली ऐकू येतं. ते थांबलं की मीही दिवा मालवतो. गेल्या महिन्यात तुम्ही चार दिवस आजारी होतात ना? मशीन वाजलं नाही. मी दोनदा जिन्यापर्यंत आलो होतो."

काकू कपाकडे बघत राहिल्या. त्या चार दिवसांत तापात पडल्या पडल्या आपण मेलो तर कधी कळेल याचा त्यांनी हिशोब केला होता. आणि कोणीतरी खाली कान देऊन बसलं होतं. आठ महिने या माणसाला शेजार होता आणि आपल्याला नव्हता, हे त्यांना फार विचित्र वाटलं. जणू कोणी आपल्या वाटणीचं एकट्यानेच खाऊन टाकलं होतं.

आणि तेवढ्यात त्यांना दुसरी गोष्ट सुचली.

"पाइपातून मशीन ऐकू येतं तुम्हाला."

"हो."

"मग माझी हाक कधी ऐकलीत?"

खोटं बोलायला त्याला पुरेसा वेळ होता. त्याने चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला.

"पहिलीच," तो म्हणाला.

"दुपारी? साडेतीनला?"

"हो. काल मला बरं नव्हतं, मी आतच होतो. म्हटलं, वॉचमन परत येईल. मग म्हटलं, तुमचा मुलगा फोन करतो, तो काहीतरी करेल. फोन वाजला तेव्हा मला इतकं बरं वाटलं. मग तो थांबला. मी कानावर उशी घेतली." त्याने कप खाली ठेवला. "मला जायला दुसरी जागा नाही हो ताई."

पंधरा तास.

"चहा प्या," त्या म्हणाल्या, "आणि जा."

तो चहा प्यायला. कप मोरीत नेऊन विसळला, पालथा घातला, आणि गेला.

तो दिवस काकूंनी कान देण्यात घालवला. पाइपाशी बसल्या, खाली काही वाजतंय का. एकदा काहीतरी सरकवल्यासारखं झालं. एकदा केरसुणीसारखं. राग अजून तसाच होता, पण त्याच्या खाली दुसरंच काहीतरी कुरतडत होतं. आपण त्याच्या जागी असतो तर? मी लगेच गेले असते, त्यांनी स्वतःला ठामपणे सांगितलं. थोड्या वेळाने पुन्हा सांगितलं. संध्याकाळी त्यांनी जिन्याच्या तोंडापर्यंत जाऊन खाली पाहिलं. हाक मारायला घसा साथ देत नव्हता. निदान त्यांनी स्वतःची समजूत तशी घातली. उद्या बघू, म्हणून त्या परत आल्या.

* * *

सोमवारी साडेनऊला इमारतीचा मॅनेजर वॉचमनला पुढे घालून वर आला. पेटीचं कुलूप फुटलंय, चोर शिरला असणार, पोलिसांत वर्दी देतोय, इमारत वरपासून खालपर्यंत तपासणार आहेत. तुम्ही काही पाहिलंत का?

"मीच फोडलं," काकू म्हणाल्या.

मॅनेजरने त्यांच्याकडे पाहिलं. सत्तरीला टेकलेली बाई, हाताची बोटं सुईसारखी.

"तुम्ही? कशाने?"

"इस्त्रीने." टेबलावर जुनी लोखंडी इस्त्री होती; एका हाताने उचलणं मॅनेजरलाही जड गेलं असतं. "हा तुमचा बहाद्दर मला अंधारात टाकून गेला. सोमवारपर्यंत काय मेणबत्तीवर रफू करायचं? ते लिहून घ्या तुमच्या वर्दीत. माणूस आत असताना वीज तोडली, तेही लिहा."

वॉचमनचं तोंड उतरलं. मॅनेजरने घसा खाकरला. वर्दीचा विषय तिथेच मिटला, पण जाता जाता तो दारात थांबला आणि दोन्ही खोल्यांवरून नजर फिरवत म्हणाला, "खरं म्हणजे इथे कोणी राहतं, हेच मला माहीत नव्हतं."

तो गेल्यावर काकू भराभर दुसऱ्या मजल्यावर उतरल्या. विम्याच्या कचेरीच्या दाराला कुलूप होतं आणि कुलपातच किल्ली लटकत होती. आत दप्तरांच्या मांडण्या छतापर्यंत उभ्या होत्या. फरशी इतकी स्वच्छ झाडलेली की कोणी राहिल्याची खूण शोधून सापडू नये. एका मांडणीमागे अंथरुणाएवढी जागा रिकामी होती. काकू तिथे उभ्या राहिल्या. डोक्यावरून पाण्याचा पाइप गेला होता. त्यांनी त्याला हात लावून पाहिला, गार होता.

तीन आठवड्यांनी मालकांचं पत्र आलं. इमारतीत राहण्याची परवानगी नाही, अपघात झाल्यास जबाबदारी कोणाची, दोन महिन्यांत खोल्या रिकाम्या कराव्यात. मुलगा धावत आला. सगळी हकिगत ऐकून तो आधी वॉचमनवर भडकला, मग मालकांवर, मग आईवर.

"इस्त्रीने कुलूप फोडलंस? तू?"

"फोडलं."

"आई, आता पुरे. आमच्याकडे चल. तुझी सून खोली लावून बसलीय."

"आणि तिथे काय करू?"

"काही करू नकोस. आराम कर."

"आरामाचं काय करू पण?" काकू म्हणाल्या, आणि दोघंही हसले, आणि मग मुलाने डोळे पुसले. त्याच्या घरी त्या पंधरा दिवस राहून आल्या. सुनेने हातावर झेललं. पण दिवसभर ती दोघं कामावर, आणि तिथल्या इमारतीत तीनशे घरं असून लिफ्टमध्ये कोणी कोणाशी बोलत नव्हतं. काकू परत आल्या, ते त्यांच्या म्हणण्याप्रमाणे फक्त सामान आवरायला.

त्याच दिवसांत त्या संध्याकाळी बाहेर पडायला लागल्या. इतकी वर्षं त्यांनी हा भाग दिवसा पाहिला होता आणि रात्री फक्त वरून. आता त्या बंद शटरांच्या कडेने चालत आणि वर बघत. शोध त्या माणसाचाच होता, दुसरं काय. वाचनालयात विचारलं, बागेतल्या माळ्याला विचारलं. "टक्कल, चष्मा, नीटनेटका" एवढ्यावर कोण काय सांगणार? नाव विचारायचं राहूनच गेलं होतं. पण वर बघता बघता त्यांना एकेक दिवा दिसू लागला. बँकेच्या मागे चौथ्या मजल्यावर एक. जुन्या घड्याळजीच्या दुकानावर एक. चार रस्ते फिरून सात. सगळं ओसाड म्हणून आपण इतकी वर्षं बसून राहिलो, त्यात सात दिवे होते.

मागच्या गल्लीत बंद पडलेला छापखाना होता. त्याच्यावरच्या खिडकीत उजेड आणि एक सावली दिसली. काकूंनी धीर केला.

"ओ! वर कोणी आहे का?"

खिडकी उघडली. पांढऱ्या केसांची, जाडजूड बाई. "कोण पाहिजे?"

"कोणी नाही. सहज."

"सहज? या गल्लीत? या वेळेला?" बाईने खाली निरखून पाहिलं. "रफूवाल्या ना तुम्ही? माझ्या भावाचा कोट केला होता तुम्ही, छापखाना चालू होता तेव्हा. थांबा, खाली येते."

ती छापखानेवाल्याची बहीण होती. भाऊ गेला, यंत्रं विकली, ती मागे राहिली. तिच्या मागच्या खोलीत रिकामी खोकी होती आणि रस्त्याकडे एक खिडकी. दोन महिने संपायच्या आत खोकी बाहेर गेली आणि मशीन आत आलं. मुलाने स्वतः ते जिन्यावरून चढवलं आणि दर शनिवारऐवजी रोज रात्री फोन करायचं कबूल करून गेला.

दोघींचं जमायला वेळ लागला. छापखानेवाली बोलायला लागली की थांबत नसे आणि काकूंना दिवस दिवस गप्प राहायची सवय. कधी काकू दार लोटून घेत, कधी ती फुरंगटून बसे. पण रात्री झोपण्यापूर्वी एकजण दुसरीच्या दारावर टिचकी मारून जाई, एवढं न ठरवता ठरून गेलं.

जुन्या इमारतीच्या गेटवर काकूंनी एक कागद चिकटवला. 'रफू. मागच्या गल्लीत, बंद छापखान्यावर, पहिला मजला. रविवारीही उघडं.' छापखानेवाली तो वाचून आली आणि हसत सुटली.

"रविवारी? अहो, रविवारी इथे कुत्रं फिरकत नाही. कपडे घेऊन कोण येणार आहे?"

"येईल एखादा," काकू म्हणाल्या.

दोन पावसाळे गेले. कागद दोनदा नवा लावावा लागला. बँकेचे शिपाई येतात, एक तरुण वकील येतो, हल्ली पलीकडच्या गाळ्यात फोटोचा स्टुडिओ निघालाय तिथली मुलं येतात. तो माणूस आलेला नाही. रविवारी सकाळी काकू दार उघडं टाकतात, खुर्ची खिडकीशी घेतात आणि हातात काहीतरी शिवण धरून बसतात. गल्लीत पाऊल वाजलं की त्या मान वर करतात. बहुतेक वेळा वाजत नाही.